तुम्ही कोणत्या कायद्याने जगता?

आईबद्दल लिहायला बसले आहे असं कळलं की ओळखीचे लोक हटकून सांगतात, तिच्या त्यागाबद्दल लिही. म्हणून ते आधीच सांगून टाकते. माझ्या आईने कसलाही त्याग केला नाही. त्याग करायला हातातली वस्तू आपण होऊन खाली ठेवावी लागते. आईच्या हातातली वस्तू काढून घेतली गेली होती, आणि ती परत मागणं तिने एक दिवसही थांबवलं नाही. नागपूरला ती वकील होती. घटस्फोट, पोटगी, मुलांचा ताबा, वारसाहक्क असे घरातले खटले ती चालवायची, आणि नऊ वर्षांच्या वकिलीनंतर कोर्टात तिचं स्वतःचं नाव झालं होतं. बाबांना अमेरिकेत प्रोग्रॅमरची नोकरी मिळाली. त्यांच्या मागोमाग आम्ही दोघी आलो तेव्हा तिच्या पासपोर्टात जो व्हिसा चिकटवला होता त्याचा अर्थ एवढाच होता, की ही बाई अमुक माणसाची बायको आहे, तिने इथे राहावं, नोकरी मात्र करू नये. मी तेव्हा अकरा वर्षांची होते. आमच्या दोन सुटकेसपैकी एक आईने कायद्याच्या पुस्तकांनी भरली होती. विमानतळावर ती उचलताना बाबांनी विचारलं, यात दगड भरलेत का, आणि आई म्हणाली, हो.

अमेरिकेतल्या शॉमबर्ग नावाच्या उपनगरात आमचं घर दुसऱ्या मजल्यावर होतं. दोन खोल्या, एक बाल्कनी, आणि तिच्यासमोर गाड्या लावायचं भलंमोठं मैदान. त्या घराचे आवाज मला अजून सगळे पाठ आहेत. ओहेअर विमानतळावर उतरणारी विमानं डोक्यावरून इतकी खाली जायची की कपाटातल्या स्टीलच्या वाट्या एकमेकींवर किणकिणायच्या. थंडीत भिंतीलगतचा हीटर सुरू होताना कुणीतरी बोटं मोडल्यासारखा कडकड आवाज करायचा. फोडणी टाकली की छताचा धुराचा अलार्म कोकलायचा, म्हणून आई आधी स्टुलावर चढून त्याला प्लास्टिकची शॉवर कॅप घालायची आणि मग मोहरी तडतडवायची. ही युक्ती तिला वरच्या मजल्यावरच्या शुभदाकाकूंनी शिकवली होती. काकू पुण्याच्या, आमच्या आधी सहा वर्षं आलेल्या. इथे सगळ्या बायका असंच करतात, हे त्यांचं ठरलेलं वाक्य होतं आणि ते त्या शॉवर कॅपपासून आयुष्यापर्यंत कशालाही लावायच्या. कोथिंबिरीला आम्ही सांबार म्हणतो याचं त्यांना फार हसू यायचं. मेक्सिकन दुकानातून आई त्या सांबाराच्या पाच-पाच जुड्या आणायची आणि रविवारी सांबारवडी करायची. चिडली की मात्र गोळाभात. बेसनाचे गोळे वळताना तिचे हात बघितले की मला कळायचं, आज हिच्याशी कुणी बोलू नये.

दिवसभर मी शाळेत, बाबा ऑफिसात, आणि एकुलती एक गाडी बाबांबरोबर. आई चालत लायब्ररीत जायला लागली. तिथल्या बाईंनी तिची साडी बघितली आणि अतिशय प्रेमाने तिला इंग्रजी संभाषणाच्या वर्गात नेऊन बसवलं. पोस्टात तिकिटं कशी मागावीत हे आईने दोन आठवडे ऐकून घेतलं. तिसऱ्या आठवड्यात शेजारच्या खोलीतून वाद ऐकू आला. एक विधवा, तिच्या नवऱ्याची जमीन, मुलाचा हक्क आधी की तिचा. आईने पर्स उचलली आणि ती त्या खोलीत जाऊन बसली. वाद चालला होता तो चौदाशे वर्षांपूर्वीच्या विधवेचा होता, हे तिच्या बऱ्याच वेळाने लक्षात आलं. ते कळल्यावरही ती उठली नाही.

त्या खोलीत दर आठवड्याला दहा-बारा निवृत्त माणसं जमायची. डॉक्टर हॅलोरन नावाच्या एक म्हाताऱ्या प्राध्यापक त्यांना जुने कायदे वाचून दाखवायच्या. रोमचं पश्चिमेकडचं साम्राज्य ढासळल्यावर उत्तरेकडून आलेल्या जर्मेनिक लोकांनी त्याच्या जमिनीवर आपापली राज्यं थाटली. स्पेनमध्ये व्हिसिगॉथ, गॉलमध्ये फ्रँक आणि बर्गंडियन, इटलीत लोम्बार्ड. बायकापोरं आणि गुरंढोरं घेऊन परमुलखात आलेली ही माणसं काही काळाने स्थिरावली, आणि तोवर तोंडी चालत आलेला आपला कायदा त्यांनी तिथल्या लोकांच्या भाषेत, लॅटिनमध्ये, लिहून काढला. आई जेवताना ते आम्हाला सांगायची. हसताना दिसणारा दात पाडला तर दंड जास्त, दाढ पाडली तर निम्मा. बर्गंडियन माणसाने शिकारी कुत्रा चोरला तर त्याने सगळ्यांदेखत त्या कुत्र्याच्या पार्श्वभागाचं चुंबन घ्यायचं, नाहीतर दंड भरायचा. मी हसून हसून ताटावर ओणवी व्हायचे. बाबाही हसायचे. त्या दिवसांत आमच्या घरात एवढं हसू फक्त त्या कुत्रेचोरानेच आणलं होतं.

तिथे आईचं नाव झालं ते एका साध्या गोष्टीमुळे. त्या राज्यांत एकाच गावात शेजारी राहणाऱ्या माणसांना वेगवेगळा कायदा लागू असायचा. रोमनाला रोमन, फ्रँकाला फ्रँक, लोम्बार्डाला लोम्बार्ड. इटलीत तर पुढे न्यायाधीश आधी विचारायचे, तुम्ही कोणत्या कायद्याने जगता, आणि उत्तर मिळाल्यावरच खटला पुढे जायचा. वाचकमंडळींना हे अजब वाटत होतं. असा देश चालतो कसा, असं एकाने विचारलं. तोवर गप्प बसलेली आई म्हणाली की बरा चालतो, मी अशाच देशातून आले आहे. नागपूरला तिच्या टेबलासमोर कुणीही येऊन बसलं की तिला आधी तेच विचारावं लागायचं. हिंदू, मुसलमान, ख्रिश्चन, पारशी, लग्नाचा आणि वारशाचा कायदा प्रत्येकाचा निराळा. मग तिने त्यांना सांगितलं की नवरा एका कायद्याचा आणि बायको दुसऱ्या कायद्याची असली की गाठी कुठे बसतात, वकील त्या कशा सोडवतात, आणि कोण लबाडी कुठे करतं. डॉक्टर हॅलोरननी त्या दिवशी पुस्तक मिटून ठेवलं आणि तासभर फक्त ऐकलं, असं मला पुढे त्यांनीच सांगितलं.

मी तेव्हा चौदा वर्षांची झाले होते आणि मला या सगळ्याची लाज वाटायला लागली होती. माझ्या मैत्रिणींच्या आया नर्स होत्या, बँकेत होत्या, घरं विकत होत्या. माझी आई स्नो बूट आणि साडी घालून सहा पदरी रस्त्याच्या कडेने मेलेल्या लोकांचे कायदे वाचायला जायची. आज मी तिच्या तेव्हाच्या वयापेक्षा बरीच मोठी आहे, आणि त्या वयाच्या मुलींना मी माफ करते, स्वतःला सोडून.

त्या हिवाळ्यात डॉक्टर हॅलोरनच्या खुब्याचं ऑपरेशन ठरलं. त्यांनी लायब्ररीला कळवलं की मी परत येईपर्यंत वसुधा हा वर्ग चालवेल. लायब्ररीने हो म्हटलं. आईने घरी हे सांगितलं तेव्हा बाबा टीव्हीसमोर मोज्यांच्या घड्या करत बसले होते. त्यांनी मोजे खाली ठेवले. आमच्या ग्रीन कार्डाचा अर्ज तेव्हा कुठल्याशा ऑफिसात पडून होता आणि बाबांचं सगळं आयुष्य त्या अर्जाभोवती चवड्यांवर चालत होतं. त्यांच्या ऑफिसात नोकरकपात चालली होती, आजूबाजूची टेबलं एकेक करून रिकामी होत होती. माझे बाबा वाईट नव्हते. ते घाबरलेले होते, आणि घाबरलेला माणूस घरात किती जागा व्यापतो हे मी त्या वर्षी पाहिलं. ते म्हणाले की शिकवणं म्हणजे काम, आणि काम तुला मना आहे. आई म्हणाली की पगार नाही, लायब्ररीतले असले वर्ग सगळे विनामोबदला चालतात, स्वयंसेवकाला मनाई नाही, नियम मी वाचला आहे. बाबा म्हणाले की तू वाचलास, पण तिथे बसलेला माणूस तो कसा वाचेल हे तुला ठाऊक नाही. आई म्हणाली, नियम वाचणं हाच माझा धंदा आहे. हे तीन संध्याकाळी चाललं. शुभदाकाकूंनी खाली येऊन आईला समजावलं की इथे सगळ्या बायका पाच-सहा वर्षं अशीच काढतात, कार्ड आलं की मग काय ते कर.

तिसऱ्या दिवशी, गुरुवारी, आई ओट्याशी गोळे वळत होती. बाबा स्वयंपाकघराच्या दारात उभे राहिले आणि अगदी हळू आवाजात बोलले.

"वसुधा, कागदावर तू माझ्यावर अवलंबून आहेस. हे मी म्हणत नाही, सरकार म्हणतं. तुझ्यामुळे काही झालं तर आपण तिघंही परत जाऊ."

आई म्हणाली, "लोम्बार्डांच्या कायद्यातही हेच आहे. स्वतंत्र बाईने स्वतःच्या ताब्यात राहायचं नाही. बाप, भाऊ, नवरा, कुणीच नसेल तर राजा. कुणाच्या तरी ताब्यात राहायचंच. पण त्यांनी त्या ताब्याला मर्यादा घातली होती, सुधीर. सांभाळणाऱ्याने तिला चेटकीण म्हटलं तर त्याचा ताबा जायचा, आणि कुठे जायचं ते तिने ठरवायचं. तुमच्या सरकारच्या कागदात ते कलम मला अजून सापडलं नाही."

बाबा म्हणाले की मी तुला काहीच म्हटलेलं नाही. ते खरं होतं. म्हटलं मी. मी टेबलापाशी गणित करत होते, मला उद्या परीक्षा होती, आणि मला ते दोघं गप्प व्हायला हवे होते. मी इंग्रजीत म्हणाले की तू इथे वकील नाहीस, तू इथे कुणीच नाहीस, हे तुला कळत कसं नाही. त्या काळात मला कुणाला दुखवायचं असलं की मी इंग्रजीत बोलायचे. मराठीत मला ते वाक्य पुरं करता आलं नसतं.

आईने माझ्याकडे बघितलंही नाही. तिने राहिलेले गोळे वळले, भात टाकला, वरून तेलाची फोडणी दिली, आणि आम्हा तिघांची पानं वाढली. त्या घाईत ती शॉवर कॅप घालायला विसरली होती. अलार्म वाजत राहिला, बाबा वर्तमानपत्राने वारा घालत राहिले, आणि आई त्या आवाजात शांतपणे जेवली.

लायब्ररीने आईचा वर्ग शनिवारी ठेवला होता, आणि तो पहिलाच होता. एरवी शनिवारी घरी असणाऱ्या बाबांना त्या दिवशी सकाळीच ऑफिसात काम निघालं आणि गाडी गेली. रात्रभर बर्फ पडलं होतं. आईने झेरॉक्सचे गठ्ठे प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळले, साडीवर बाबांचा जुना जाडा कोट चढवला आणि निघाली. मला ये म्हणाली नाही, थांबही म्हणाली नाही. मी बाल्कनीतून तिला ते पांढरं मैदान ओलांडताना पाहिलं. ती एकदा घसरली, पिशवी छातीशी धरून गुडघ्यावर आपटली, उठली, कोट झटकला आणि पुन्हा चालू लागली. मागे कोण बघतंय का हे तिने पाहिलं नाही. मी बूट घालून पळत सुटले. तिला गाठलं तेव्हा तिने पिशवीचा एक बंद माझ्या हातात दिला, आणि आम्ही दोघी ती पिशवी मधे धरून रस्त्याच्या कडेच्या बर्फातून चाललो. फुटपाथ नव्हताच. गाड्या राखाडी चिखल उडवत जात होत्या. एक गाडी पुढे जाऊन थांबली. शुभदाकाकू. काच खाली करून त्या म्हणाल्या की बस लवकर, घरी सोडते, लोक बघतात. सुधीररावांना माहीत आहे का हे, असंही त्यांनी विचारलं.

"माहीत आहे," आई म्हणाली. "लायब्ररीपर्यंत सोडाल का?"

काकूंना नाही म्हणता आलं नाही. लायब्ररीपाशी पोचल्यावर त्या म्हणाल्या की आत जरा ऊब घेते, पाच मिनिटं. त्या शेवटच्या रांगेत माझ्याशेजारी बसल्या आणि वर्ग संपेपर्यंत उठल्या नाहीत.

आई उभी राहिली तेव्हा तिच्या साडीचा काठ गुडघ्यापर्यंत ओला होता. तिने कागद वाटले. ती काही बोलायच्या आत मिस्टर ड्रेयर नावाचे एक गृहस्थ उठले. त्या भागात मॉल आणि ऑफिसं येण्याआधी जर्मन शेतकऱ्यांची वस्ती होती, आणि ड्रेयर त्यांच्यातल्या एका घराण्यातले. आवाज सौम्य, टाय बांधलेला. ते म्हणाले की कुणाचा अनादर करायचा नाही, पण हा आमच्या पूर्वजांचा कायदा आहे, आमच्या रक्तातला, आणि तो आम्हाला भारतातल्या बाईंनी समजावून सांगावा हे मला जरा विचित्र वाटतं. या लोकांशी तुमचा संबंध काय?

मला आठवतं, शुभदाकाकूंनी माझं मनगट धरलं होतं आणि त्यांच्या बांगड्या मला रुतत होत्या. आईने हातातला खडू फळ्याच्या कडेला ठेवला. कोर्टात ती कशी बोलायची हे मी कधी पाहिलं नव्हतं. ते मी त्या दिवशी पाहिलं.

"तुमच्या पूर्वजांनी हा कायदा हजार वर्षांपूर्वी सोडून दिला, मिस्टर ड्रेयर," ती म्हणाली. "तुम्ही त्यांचं रक्त सांभाळलंत. कायदा वापरला नाहीत. माणसागणिक बदलणाऱ्या कायद्याखाली मी जन्मले, त्याखाली माझं लग्न झालं, आणि नऊ वर्षं मी तो रोज कोर्टात चालवला. परक्या मुलखात येऊन तिथल्या भाषेत आपला हक्क कसा मांडायचा हे लोम्बार्ड लोकांना शिकावं लागलं. या खोलीत ते सध्या कोण शिकतंय? आणि कुणाच्या तरी ताब्यात असल्याशिवाय बाईला कायद्यात जागा नाही, हे कलम तुम्ही वाचलंय. मी आज सकाळी त्यात राहते आहे. संबंध विचारलात म्हणून सांगितलं. आता पान तीन काढा."

ड्रेयर बसले आणि त्यांनी पान तीन काढलं. त्यांचं मन पालटलं असं मी म्हणणार नाही. पुढची कित्येक वर्षं ते आईशी प्रत्येक कलमावर भांडले आणि एकदाही रजा न घेता भांडले. माझ्यापुरतं सांगायचं तर मला ड्रेयरचा राग आला होता, आणि त्याच वेळी मला कळत होतं की त्यांनी सभ्यपणे जे म्हटलं ते मी गुरुवारी घरात उघडपणे म्हटलं होतं.

संध्याकाळी बाबा आले. कुणी फोटो काढले का, एवढंच त्यांनी विचारलं. आईने टेबलावर एक कागद ठेवला. हा वर्ग विनामोबदला आहे, यासाठी पगार, मानधन, भेटवस्तू, गाडीखर्च काहीही दिलं जात नाही आणि कुणालाही कधी दिलं गेलेलं नाही, असं तिने लायब्ररीकडून आदल्या आठवड्यातच लिहून, सहीशिक्क्यानिशी घेतलं होतं. भांडत होती ते तीनही दिवस तो कागद तिच्या पर्समध्ये होता. बाबांनी विचारलं की मग तो आधी का दाखवला नाहीस. आई म्हणाली, "कागद बघून तुम्ही हो म्हटलं असतंत. मला कागदाशिवाय हवं होतं."

बाबांनी तो कागद तीनदा वाचला. मग त्यांनी पंचिंग मशीन आणलं, त्याला दोन भोकं पाडली आणि ग्रीन कार्डाच्या जाड फायलीत तो नीट लावून ठेवला. चुकलं, असं ते म्हणाले नाहीत. पुढच्या शनिवारी मात्र गाडी दारात होती, काचांवरचं बर्फ खरवडलेलं होतं, आणि इंजिन सुरू होतं. आईची माफी मीही कधी मागितली नाही. एकदा, फार उशिरा, मी त्या गुरुवारचा विषय काढला. ती म्हणाली की तू साक्षीदार म्हणून खोटं बोलली नव्हतीस, कागदावर तसंच होतं, म्हणून तर कागद वाचता आले पाहिजेत. आणि तिने मला भाजी चिरायला बसवलं.

डॉक्टर हॅलोरन परत आल्या, पण वर्ग आईकडेच राहिला. त्यानंतर कार्ड यायला आणखी सात वर्षं लागली. ते आलं त्याच आठवड्यात आईने एका वकिलांच्या ऑफिसात सहायकाच्या जागेसाठी अर्ज केला. मी कॉलेजातून घरी आले होते, तिचा बायोडेटा मीच टाइप केला. मधल्या वर्षांपुढे काय लिहायचं असं मी विचारलं. शुभदाकाकूंनी सांगितलं होतं की गृहिणी लिही, इथे सगळ्या तेच लिहितात. आईने मला शब्द सांगितले आणि मी ते टाइप केले. सात वर्षं, लोम्बार्ड व इतर जर्मेनिक राज्यांच्या कायद्याचं अध्यापन, विनावेतन. मुलाखत घेणाऱ्या तरुणाला ते वाचून हसू आलं. हे तुम्ही काढून टाका, त्याने तिला आपुलकीने सुचवलं, लोकांना वाटेल तुम्ही थट्टा करताय. ती जागा तिला मिळाली नाही. त्यानंतरच्या दोनही मिळाल्या नाहीत. प्रत्येक वेळी मी तिला विचारलं की ती ओळ काढू का, आणि प्रत्येक वेळी तिने माझ्या खांद्यावरून वाकून पडद्याकडे पाहिलं, स्पेलिंग तपासलं, आणि छापायला सांगितलं.